भाऊजींची इबिबिओ

बायकोशी बोलता यावं म्हणून समुद्रापलीकडची भाषा घरात आणणारा माणूस अख्ख्या भंडारा जिल्ह्यात एकच झाला, आणि तो माझ्या थोरल्या बहिणीच्या नशिबी आला. आणीबाणीच्या सुमारास भाऊजी नायजेरियात गणित शिकवायला गेले, पाठोपाठ ताईही गेली. काही वर्षांनी दोघं आसगावला, भाऊजींच्या घरी, परतली ती तिथली इबिबिओ भाषा बोलत. मी हबकलोच! माहेरी मान वर न करणारी माझी ताई भर ओसरीवर, सासऱ्यांदेखत, नवऱ्याशी कडाकडा भांडत होती. त्या घरात वडीलधाऱ्यांसमोर नवरा-बायकोनं एकमेकांशी बोलायची रीतच नव्हती. पण सासऱ्यांना वाटलं, हे इंग्रजी. शिकलेली माणसं आपसात इंग्रजीच बोलायची, म्हणून ते उलट मिशीवर ताव देत.

भाऊजी बैलही इबिबिओत हाकत. बैल बिचारे बावचळून धानाच्या बांधीतच उभे राहत. धानाचा विषय काढला तरी गाडी भाषेवर यायची. "हे पाय, आसगाव म्हंजे तिकडचं उयो, तिथं इबिबिओ. बाजूचं कोंढा म्हंजे तिकडचं कलाबार, तिथं एफिक भाषा. बहिणी-बहिणीच हायेत, एकमेकीचं समजते त्यायले." कोंढ्याचा पाहुणा आला की ते "या, एफिकवाले!" म्हणत, आणि आपल्याला शिवी दिली की मान, हे त्या पाहुण्याला शेवटपर्यंत कळत नसे.

घात केला तो पवनीच्या इंग्रजीच्या मास्तरांनी. जेवायला आलेले मास्तर दोघांचं बोलणं ऐकून पांढरेफटक पडले. आपल्याला यातलं अक्षर कळत नाही, या धास्तीनं ते नुसताच भात कालवत राहिले. भाऊजींना दया आली आणि त्यांनी खरं सांगून टाकलं: हे इंग्रजी नाही, नायजेरियातली भाषा आहे, आणि आमचं नवरा-बायकोचं घरगुती बोलणं चाललंय. सासरे भरल्या ताटावरून उठले.

"म्हंजे तुमी आमच्यासमोर बोलून राहिले? इतले वर्सं?"

त्या दिवसापासून इबिबिओ बंद. घर चिडीचूप झालं. भाऊजी वाळत चालले, ताई चुलीशी पुटपुटू लागली. मला दोघांची फार कीव यायची.

पुढे सासऱ्यांनी अंथरूण धरलं. एका दुपारी मी भेटायला गेलो, तेव्हा म्हातारा आढ्याकडे बघत म्हणाला, "बोला ना बाप्पा. घर खायले धावते."

भाऊजींना त्या भाषेतला एकही शब्द आठवेना. मग त्यांनी बापासमोर, आपल्या मराठीत, सरळ ताईला विचारलं, "जेवली का तू?"

ताईनं पदर सावरला. "नाही जी. तुमची वाट पाहून राहिली."

म्हातारा डोळे मिटून हसला.

तो गेल्यावर नवरा-बायको मोकळेपणी मराठीत बोलू लागले आणि इबिबिओ कायमची मागे पडली. परवा मी आग्रह केला, "भाऊजी, बोला ना थोडं." ते ताईकडे बघून म्हणाले, "आता लपवाचं काय हाय?"