मास्तरांचा पासवर्ड

पोटात गोष्ट ठेवावी ती आमच्या मास्तरांनीच! अख्ख्या नागपुरात इतका तोंड शिवलेला माणूस मी पाहिला नाही. टेलिफोनच्या ट्रेनिंग सेंटरमध्ये मी त्यांच्या हाताखाली होतो, रोज त्यांच्याशेजारी जेवत होतो, पण त्यांच्या डब्यात भाजी कोणती ते मला कधी कळलं नाही. झाकण आडवं धरून जेवायचे. रजेच्या अर्जात कारण लिहायचे, 'आहे'. कुठं निघालात म्हणून विचारलं तर म्हणत, "आलो की समजन ना गा तुले!"

अशा माणसाच्या हाती पासवर्ड आला, म्हणजे आधीच उल्हास, त्यात फाल्गुनमास. ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस सेंटरमध्ये एक कॉम्प्युटर आला. त्याच्या पोटात टेलिफोनचं खोटं जाळं होतं. एक्स्चेंज खोटी, तारा खोट्या, बिघाडही खोटे. मास्तरांनी पासवर्ड टाकून आत बिघाड घालायचा आणि शिकणाऱ्याने पडद्यावर तो हुडकायचा. पासवर्ड फुटला की सगळी उत्तरं फुटली. "बिघाड खोटा हाय, पण परीक्षा खरी हाय," असं बजावून मास्तर आम्हां सर्वांना भिंतीकडे तोंड करायला लावत, आणि बैलबाजारात रुमालाखाली बोटं धरून सौदा करतात तसे दुपट्ट्याखाली हात घालून तो शब्द टाइप करत. साहेबांनी एकदा फारच आग्रह धरला, "तुम्हाला काही झालं तर?" तेव्हा त्यांनी लाखेने बंद केलेला एक लिफाफा तिजोरीत ठेवायला दिला.

आणि काही व्हायचं ते झालंच. ऐन परीक्षेच्या दिवशी मास्तर काविळीने अंथरुणावर. साहेबांनी लिफाफा फोडला, आत कोरा कागद! साहेबांनी कपाळाला हात लावला. बाकीच्यांची परीक्षा पुढे ढकलता आली असती, पण ढोबळेबाईंची मुदत त्याच दिवशी संपत होती. दोनदा नापास झालेल्या, घरात कमावणाऱ्या त्या एकट्या, आणि आज पास झाल्या नाहीत तर नोकरी गेली. त्या बिचाऱ्या मशीनसमोर पदर मुठीत धरून बसलेल्या. मी स्कूटरला किक मारली आणि प्रताप नगरातलं मास्तरांचं घर गाठलं.

मास्तरांच्या बायकोने, सुमतीकाकूंनी, दार उघडलं, उसाचा रस हातात दिला. मी मास्तरांना ढोबळेबाईंचं सांगितलं.  त्यांनी काकूंना पाणी आणायला आत पाठवलं, माझा कान जवळ ओढला आणि पुटपुटले, "वच्छला." काविळीने पिवळा पडलेला माणूस माझ्यादेखत लाल झाला. काकू पाणी घेऊन आल्या. मी रसाचा पेला तसाच ठेवून उठलो. या वयात ही वच्छला कोण बुवा? स्पेलिंग विचारायचं राहूनच गेलं.

तीनदा चुकलं की मशीन कुलूपबंद, आणि मग दिल्लीहून माणूस आल्याशिवाय ते उघडणार नाही. मला माझ्या शुद्ध मराठीचा भारी अभिमान! मी आधी 'वत्सला' टाकलं. चूक. मग व्ही घालून 'वच्छला'. चूक. ढोबळेबाईंनी डोळे मिटले. मास्तरांच्या घरी खात्याचा फोन होता, तो लावला. उचलला काकूंनी. मास्तरांना नुकतीच झोप लागली होती.

"काहून थांबला गा? बोल ना."

काय बोलू, कपाळ! पण समोर ढोबळेबाई बसलेल्या. "काकू, त्यांना उठवून एवढंच विचारा," मी चाचरत म्हणालो, "पासवर्ड... वच्छला... स्पेलिंग कसं करायचं?"

मास्तरांना उठवायला काकू गेल्याच नाहीत. 

"डब्ल्यू," काकू म्हणाल्या. आवाज ओला झालेला. "पह्यलं अक्षर डब्ल्यू घाल. अन् एच दोनदा. माह्या मॅट्रिकच्या सर्टिफिकेटावर तसंच हाय. लग्नात ताटातल्या तांदळावर सुमती लिवलं, तवापासून मीच इसरली होती ते नाव."

मशीन उघडलं. साहेबांनी बिघाड घातला, ढोबळेबाईंनी तो हुडकला आणि नोकरी राहिली. मास्तर बरे होऊन आले तेव्हा माझ्यावर आठवडाभर फुरंगटून होते. नंतर एका दुपारी आपणहून डब्यातली वांग्याची भाजी माझ्या पुढ्यात सरकवली, झालं.

मास्तरांना जाऊनही आता पुष्कळ वर्षं झाली. परवा काकूंकडे गेलो होतो. चहा ओतता ओतता त्या आपल्याशीच हसल्या.

"मले एकडावही त्या नावानं हाक नाही मारली गा यायनं," त्या म्हणाल्या. "अन् मशीनले रोज सांगत होते."