उजवा कौल

कौल म्हणजे काय ते आधी सांगते, म्हणजे पुढचे तुम्हांला नीट कळेल. पावस गावी आमच्या देवळात गुरव देवाच्या अंगावर दोन्ही बाजूंना ओल्या पाकळ्या चिकटवी. मग मनातले विचारायचे. उजवीकडची आधी पडली तर होकार, डावीकडची पडली तर नकार. त्यावर घरात कोणी वाद घालत नसे.

मी थोडे इंग्रजी शिकून सासरी आले होते. तुमचे आजोबा मुंबईला कचेरीत कारकून. वर्षातून एकदा, आंब्याच्या दिवसांत येत. मला त्यांच्याबरोबर जाऊन राहायचे होते, एवढेच. विषय काढला की म्हणत, माझी ना नाही, पण आईला विचारायला हवे. सासूबाई म्हणत, देवाला विचारू. विहिरीवर बायका विचारीत, "मडमेचं बिऱ्हाड कधी हलतंय?"

एका वर्षी सासूबाईंनी खरेच कौल लावला. माझा त्यावर विश्वास नव्हता, तरी पाकळीवरून नजर हलेना. उजवी पडली. सासूबाई माझ्यापुढे झपाझप चालत घरी आल्या. पण देवाचा शब्द मोडणाऱ्या त्या नव्हत्या. त्यांनी पोहे, कुळथाचे पीठ, आमसुले माझ्यासाठी बांधून ठेवली. मी ट्रंक भरली.

पावसाळ्याआधीची शेवटची बोट पूर्णगडाहून सुटायची होती. आदल्या दिवशी तुमचे आजोबा माजघराच्या दारात आले आणि ट्रंकेकडे पाहत म्हणाले, "खोलीत आम्ही चौघे पुरुष. यंदा नको, पुढल्या वर्षी बघू."

कौल उजवा आलाय, मी म्हटले.

"देवाला मुंबईतल्या खोल्यांचं काय ठाऊक?"

इतकी वर्षे आईच्या आडून नाही म्हणणारे ते स्वतःच होते. आता आडोसा उरला नव्हता.

सासूबाई चुलीपाशी होत्या. त्यांनी मान वर केली नाही. "देवाचा उजवा आला गो," त्या म्हणाल्या, "नवऱ्याचा यायचा राहिला." टोमणा होता की कणव, मला आजही सांगता येत नाही. बांधलेले पोहे त्यांनी परत डब्यात ओतले.

बोट गेली, बंदर बंद झाले. पुढल्या वर्षी ते आले तेव्हा मी विषय काढला नाही, त्यांनीही नाही. त्याच्या पुढल्या वर्षीही नाही. ट्रंकेत आम्ही पावसाळी घोंगड्या ठेवू लागलो. ओटीवर कोणी विचारलेच, तर ते सांगत, "हिला इथंच करमतं."

मी आतून ऐकत असे आणि चहा पुढे पाठवीत असे.