नाल्यापासून वर

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. आईला सांगायचं तर नकाशा म्हणजे काय इथपासून सुरुवात करावी लागली असती. मित्रांना सांगता आलं असतं – पण त्यांच्यासमोर तोंड उघडलं की मी दुसरंच काहीतरी बोलू लागतो. तुमचा चेहरा मला दिसत नाही. म्हणून तुम्हाला सांगून बघतो.

सुरुवात मात्र आनंदाची आहे. ती आधी सांगू द्या, कारण तो आनंद खरा होता. अजूनही आहे – लिहिताना हात भराभर चालतोय.

मी आशागडजवळच्या एका पाड्यावरचा. आमच्या घरातून कॉलेजात गेलेला पहिला मीच. २०१७ सालच्या थंडीत मी एस.वाय.ला होतो. संरक्षणशास्त्र हा विषय मी घेतला त्यामागे देशभक्ती वगैरे नव्हती. त्याचे तास सकाळी असत आणि दुपारी मला वाडीत चिकू उतरवायला जाता येई, एवढंच. तो विषय राऊत सर शिकवत. कॉलेजचं कॅडेट पथकही तेच बघत.

एके दिवशी सरांनी विचारलं, लढाई हरून परत आलेलं सैन्य सगळ्यांत आधी काय करतं? आम्ही म्हणालो, नव्या बंदुका घेतं. सर हसले. म्हणाले, "बंदुका शेवटी. आधी ते बसून आपल्याच चुका लिहून काढतं. जे लिहीत नाही, ते पुन्हा हरतं."

आणि मग ते जे बोलत गेले – मला तो तास आठवतो तसा माझ्या दहावीचा निकालही आठवत नाही. जुन्या पद्धतीच्या सैन्यात म्हणे शिपाई मागून येणाऱ्या हुकमाची वाट बघत उभा राहतो. हुकूम पोचेपर्यंत समोरचं सगळं बदललेलं असतं. मग कुणीतरी शहाणा अधिकारी म्हणतो, शिपायाला वाट सांगू नका – कुठे पोचायचं आणि कशासाठी, एवढं सांगा. कसं जायचं ते त्याला ठरवू द्या. लढायचं कसं यावरचं सैन्याचं ठरलेलं मत म्हणजे डॉक्ट्रिन. पण ते नुसतं पुस्तकात बदलून भागत नाही. शंभर जणांची रांग स्वतःहून काय ठरवणार? म्हणून तुकड्या लहान करायच्या, वेगवेगळी कामं येणारी माणसं एका तुकडीत ठेवायची. आणि त्यांना सरावात चुकू द्यायचं, म्हणजे लढाईत चुकणार नाहीत. सराव संपला की सगळ्यांनी गोल करून बसायचं. तिथे सर्वांत कनिष्ठ माणसाने पहिलं बोलायचं, कारण मोठा बोलला की बाकीचे फक्त माना हलवतात. चूक कबूल करणाऱ्याला शिक्षा नाही.

लहान माणसाने पहिलं बोलायचं! असं मी कुठे पाहिलं होतं? घरी? शाळेत? वाडीत, जिथे मुकादम बोलायचा आणि आम्ही टोपल्या उचलायचो?

मी वेडाच झालो. लायब्ररीतली लष्करावरची मिळतील ती पुस्तकं वाचली, दोनशे पानी वही भरली, चौकोन आणि बाण काढले. केतन माझ्याच वर्गात आणि पथकातही. वडील रेल्वेत, घरी गुजराती. तो मला जनरल म्हणू लागला. कॅन्टीनमध्ये मी वही उघडली की म्हणायचा, "जनरल, पहिले चा तो पिवा दे" – आधी चहा तरी पिऊ दे.

वही शेवटी सरांच्या टेबलावर ठेवली. त्यात एकच मागणी होती – पथकाचा वार्षिक मैदानी सराव या नव्या पद्धतीने करू या. तोवरचा सराव म्हणजे सरांच्या मागे एका रांगेत चालणं. सरांनी दोन दिवस वही ठेवून घेतली. तिसऱ्या दिवशी म्हणाले, करू. मी लिहिलेलं काहीतरी कुणीतरी खरंच करणार होतं. तुमच्या बाबतीत असं पहिल्यांदा कधी झालं, आठवतं?

तिघातिघांचे गट पाडले. माझ्या गटात केतन आणि वनिता. वनिता एफ.वाय.ची, तलासरीकडच्या एका पाड्यावरून दोन टमटम बदलून यायची. मोजकं बोलायची, पण पळायला लागली की बघत राहावं. दर वर्षी मोठ्या शिबिरासाठी आमच्या कॉलेजातून एकच नाव जात असे, आणि तिथे जाऊन आलं की पुढे भरतीत उपयोग होतो असं सगळे मानत. त्या वर्षी नाव वनिताचं जाणार हे सरांनी जवळजवळ ठरवलं होतं. तिला वर्दी हवी होती. दुसरं काही तिने कधी मागितलेलं मी ऐकलं नाही.

सराव चारोटीच्या पलीकडच्या माळावर होता. मागे हायवेचा आवाज, समोर साग, मधून नाला. कालव्याचं पाणी सुटलेलं, त्यामुळे नाल्यात गुडघाभर पाणी. दुसऱ्या गटाच्या आधी एका जुन्या विहिरीपाशी पोचायचं होतं. मी उंचवट्यावर, मांडीवर नकाशा – विहिरीची जागा फक्त त्यावरच होती. वनिता पुढे नाल्याकाठी. निरोप पोचवायला केतन. आणि माझ्याकडे निरोपांची वही होती – कार्बन घालायची. मूळ चिठ्ठी फाडून द्यायची, खाली नक्कल उरते. ही कल्पनाही माझीच. काय सांगितलं होतं ते नंतर तपासता यावं म्हणून.

दुसरा गट रस्त्याखालच्या मोरीकडून सरकताना दिसला. कसली मजा येत होती! मी लिहिलं – नाल्यापासून वर जा, विहिरीशी भेटू. केतन धावला. त्याने दुरून हात केला, चिठ्ठी पोचली.

विहीर नाल्याच्या उत्तरेला होती. आम्ही दोघं दुसऱ्या वाटेने तिथे गेलो. तिघं असल्याशिवाय ताबा धरायचा नाही असा नियम होता. वनिता आली नाही. दुसऱ्या गटाने विहीर घेतली. ती आली दीड तासाने – कोपर खरचटलेलं, कपडे भिजलेले. नाल्यात पाय घसरला होता. खिशातल्या चिठ्ठीचा लगदा झालेला.

ती लांब होती तेव्हाच मला कळलं. ती डोंगराकडून उतरत होती.

इथे थोडं थांबून सांगायला हवं. आमच्याकडे पूर्व-पश्चिम कुणी म्हणत नाही. डोंगराकडचं ते वर, समुद्राकडचं ते खाली. आई म्हणते, वरल्या शेतात जाते – ते शेत घराच्या पूर्वेला आहे. मीही जन्मापासून तसंच बोलत आलो. पण दोन महिने नकाशा घेऊन बसल्यावर माझं 'वर' कागदाच्या वरच्या कडेला जाऊन बसलं होतं. कागदावर वर म्हणजे उत्तर. वनिताने माझं वाक्य आमच्या दोघांच्या भाषेत वाचलं. मी ते पुस्तकाच्या भाषेत लिहिलं होतं.

केवढा मोठा शोध होता हा! खरंच सांगतो, त्या क्षणी भीतीच्याही आधी मला आनंद झाला. सुधारणा याचीच तर करायची असते – हुकमाचा शब्द देणाऱ्याच्या आणि घेणाऱ्याच्या डोक्यात एकच असला पाहिजे. गोल करून बसल्यावर मी हे सांगितलं असतं, तर सर आनंदाने जागेवरून उठले असते. ते बसणं मी याचसाठी मागितलं होतं ना?

मग भीती आली.

पोह्यांची सुट्टी झाली. मी वही घेऊन एका पडक्या खोपीच्या मागे गेलो. नकलेच्या पानावर कार्बन ठेवला, त्यावर एक कोरा चिटोरा, आणि ओळीच्या वर, घाईत आठवून घातल्यासारखा, एक शब्द लिहिला – उत्तरेला. खाली छोटी खूणसुद्धा केली, शब्द इथे घ्या म्हणून. रंग तोच आला. माझा हात थरथरला नाही. थरथरला असं लिहायला मला आवडलं असतं.

का केलं याची कारणं मला पाठ आहेत. ती इथे लिहिली तर त्यांच्या सबबी होतील.

आम्ही गोल करून बसलो. सर्वांत कनिष्ठ वनिता, म्हणून ती आधी उभी राहिली. म्हणाली, "चिठ्ठीत वर जा होतं, सर. म्हणून मी वर गेले." मग केतन. त्याने चिठ्ठी वाचलीच नव्हती. "मी तर टपाल होतो, सर," असं म्हणाला, सगळे हसले. मी शेवटी. वही उघडून सरांसमोर ठेवली. खोटं तोंडाने बोलायचीही माझी छाती नव्हती, ते काम मी कागदाला दिलं.

सरांनी मोठ्याने वाचलं. नाल्यापासून उत्तरेला वर जा. मग वही वनिताकडे दिली. तिने ओळीखाली बोट ठेवलं. ओठ हलवत वाचलं. मला वाटलं, आता म्हणेल – हा शब्द नव्हता. मी जमिनीकडे बघत होतो.

ती म्हणाली, "लिहिलंय म्हणजे असेल, सर. मीच नीट वाचलं नसेल."

स्वतःच्या डोळ्यांनी वाचलेलं तिने त्या कागदापुढे सोडून दिलं. आमच्या घरांत असंच असतं. कागद बरोबर असतो आणि आपण चुकलेले असतो – रेशनच्या दुकानात, तलाठ्याकडे, सगळीकडे. हे तिथे बसलेल्यांत सरांना ठाऊक नसेल, केतनला नसेल. मला ठाऊक होतं. मी तशाच घरातला.

कुणाला शिक्षा झाली नाही. तो नियम सरांनी पाळला. पण सरावातून काय शिकलो ते पथकाच्या रजिस्टरमध्ये लिहायचं होतं. माझं अक्षर चांगलं म्हणून रजिस्टर माझ्याकडे आलं. सरांनी सांगितलं, मी लिहिलं – कनिष्ठ कॅडेटने स्वतःच्या अंदाजाने वाट ठरवू नये, वरिष्ठाच्या आदेशाची वाट पाहावी. दोनशे पानांत मी जे मोडायला निघालो होतो, तेच माझ्या वळणदार अक्षरात परत आलं. पुढच्या वर्षी पथक पुन्हा सरांच्या मागे रांगेत चाललं. अजून चालतं. सरांना वाटतं, पद्धत आपल्या पोरांना झेपली नाही. पद्धत चांगली होती. तिला मी खोटी माहिती दिली.

शिबिराला नाव माझं गेलं. मी गेलो. वर्दीतला माझा फोटो घरी देवांच्या शेजारी लावलाय.

आठवड्याभराने वनिता लायब्ररीत माझ्या टेबलाशी येऊन उभी राहिली. मला वाटलं, कळलं हिला. तिने विचारलं, "भावेशदादा, मला नीट वाचायला शिकवशील? माझ्या डोळ्यांतून शब्द निसटतात." आणि मी शिकवलं! दोन आठवडे, रोज एक तास. प्रत्येक शब्दाखाली बोट ठेव, म्हटलं. ओळ दोनदा वाच. पुढच्या वर्षी तिने पथकात नाव घातलं नाही.

आता २०१९ आहे. मी एम.ए. करतोय, तोच विषय. गेल्या महिन्यात सेमिनारमध्ये मी बोललो – खालून येणारी माहिती खरी नसेल, तर सैन्य चुकीचं तेच शिकतं. जोरात बोललो. मला तो विषय खरंच आवडतो. टाळ्या पडल्या.

त्याच आठवड्यात डहाणू रोडला झेरॉक्सच्या दुकानात वनिता दिसली. कॉलेज करता करता फुग्यांच्या एका कारखान्यात ऑफिसात लागलीय. कुणा मावशींचा फॉर्म भरून देत होती. प्रत्येक शब्दाखाली बोट, ओठ हलताहेत, एक ओळ दोनदा. मग दुकानदाराला म्हणाली, तुम्ही एकदा बघा हो, मी बरोबर वाचलं ना? तेवढ्यात तिला मी दिसलो. ती हसली आणि मावशींना म्हणाली, "हाच तो दादा. यानेच शिकवलं मला."

मी मान हलवली.

निरोपांची ती वही मी परत केली नव्हती. आत्ता समोर उघडी आहे. कार्बनची अक्षरं फिकट झालीत, दोन्ही वेळची सारखीच. ओळीच्या वरचा शब्द मी नंतर घातला. आधी तिथे फक्त वर होतं. वनिताने बरोबर वाचलं होतं.