विमान वर असताना फोन बंद

आमच्या घरात बोलणं कोकणीत आणि लिहिणं मराठीत. त्यावरून गोव्यात केवढी रणं माजली, पण आमच्या पेडण्याच्या वाड्यावर कोणाला त्यात काही वावगं वाटलं नाही. बाबा मला हाक मारत "गो बाय" म्हणून आणि पत्र लिहीत "चि. सौ. बाय हिस अनेक आशीर्वाद" असं. पुढे पत्रं गेली, मोबाइल आला, तरी बाबांची लेखणी तीच. रोज सकाळी सातच्या ठोक्याला हैदराबादेत माझ्या फोनवर मेसेज येई : "साडेपाचला उठलो. चहा झाला. पोदेर पाव देऊन गेला. प्रकृती उत्तम. सर्व क्षेम." नोकरी त्यांनी पाळी गावच्या खाणीवर काढली होती आणि तिथे दिवसाचा रिपोर्ट लिहावा लागे. निवृत्तीनंतर रिपोर्ट घेणारा साहेब उरला नाही, म्हणून ती जागा बहुधा मला मिळाली.

तो मेसेज वाचल्याशिवाय मी चहाला हात लावत नसे. याला कारण होतं. आई गेली त्या दुपारी मी ऑफिसच्या मीटिंगमध्ये फोन बंद करून बसले होते. दोन तासांनी चालू केला तर बाबांचे अकरा कॉल. मी पोचले तेव्हा सगळं आटपलं होतं. बाबांनी एका शब्दानेही बोल लावला नाही, आणि तेच मला आजवर बोचतं. तेव्हापासून न लागणारा फोन म्हटलं की माझं डोकं ठिकाणावर राहत नाही. एरवीही माझा राग नाकावर असतो, त्यात भीतीची भर पडली की विचारायलाच नको.

बाबा एकटे राहणार म्हणाले तेव्हा मी अट घातली होती. रोज सकाळी मेसेज आणि फोन कायम चालू. एकदा जरी दिवसभर लागला नाही, तर घराला कुलूप घालून त्यांना हैदराबादला आणणार. बाबा "बरें" म्हणाले. हैदराबाद म्हटलं की त्यांचा चेहरा उतरे. चार दिवस आले होते तेव्हा सहाव्या मजल्याच्या बाल्कनीत उभे राहून त्यांनी मला विचारलं होतं, "हंय सकाळचें चलपाक खंय वतात?" फिरायला कुठे जातात हे मला सांगता येईना. इथे पेडण्यात त्यांची काजूची बाग होती, विहीर होती, बोलायला शेजारी होते. म्हणजे त्या फोनवर त्यांचं घरच टांगलेलं होतं, आणि ते टांगलं होतं मी.

मोपाच्या पठारावर विमानतळ झाला आणि विमानं आमच्या कौलांवरून जाऊ लागली, त्याच सुमारास बाबांना मी नवा फोन घेऊन दिला. त्यानंतर एक गंमत सुरू झाली. बाबांचा फोन अधूनमधून दहा-पंधरा मिनिटं लागेनासा होई. मेसेजवर एकच टिक. मग अचानक दुसरी उगवे आणि उत्तर येई : "येथे सर्व ठीक." मी रेंजला शिव्या दिल्या. आमच्या बाजूची रेंज पहिल्यापासून लहरी, तेव्हा संशय घ्यायचं कारण नव्हतं.

एप्रिलमधल्या एका सकाळी सात वाजले आणि मेसेज आला नाही.

सव्वासातला मी लिहिलं, "बाबा, उठलास ना?" एक टिक. साडेसातला कॉल केला, संपर्क क्षेत्राबाहेर. आठ वाजता शेजारच्या काकीला फोन लावला. आमचं घर आणि तिचं घर यांत नुसती जास्वंदीची वय, म्हणजे कुंपण. तीही संपर्क क्षेत्राबाहेर. तिला मेसेज टाकला, "काकी, बाबा बरे आहेत ना? कळव." एक टिक. वाड्यावरचं तिसरं आणि शेवटचं घर निवृत्त मास्तरांचं. मास्तरांचाही फोन बंद! तिन्ही घरांत मिळून पाच म्हातारी माणसं, मुलं सगळी बाहेर, आणि एकाचाही फोन लागेना. मये गावात राहणाऱ्या मावशीला विचारलं, तर ती म्हणाली, "वीज गेली आसतली गो." वीज गेली तर फोन लगेच मरत नाहीत, हे तिला समजावताना मी तिच्यावर ओरडले.

नवरा म्हणाला, दुपारपर्यंत थांब. मी थांबले, म्हणजे दर दहा मिनिटांनी मेसेज टाकत थांबले. आधी विनवणी, मग दटावणी, मग "आता मी येतेच आणि तुला घेऊनच जाते" अशी धमकी. तरी टिक एकच. दुपारी तिकीट काढलं. विमानतळावर रांगेत उभी असताना लिहायला हात चालेना, म्हणून बोलूनच मेसेज टाकला. काय बोलले ते त्या वेळी माझं मलाही कळलं नव्हतं.

विमानात बसल्यावर फोन विमान मोडवर टाका, अशी सूचना झाली. आजवर मी ती कधी मनावर घेतली नव्हती. त्या दिवशी मात्र ते विमानाचं चित्र मी अगदी शेवटी, दार लागल्यावर दाबलं. आता त्यांच्याकडून काही आलं तरी मला कळणार नव्हतं. सव्वा तास मी पाण्याचा घोटही घेतला नाही. उतरल्यावर फोन चालू केला. नवऱ्याचे दोन मेसेज, मावशीचा एक, बाबांचा एकही नाही.

टॅक्सी वाड्याच्या तोंडाशीच सोडली, पुढे वाट अरुंद. उन्हं कलली होती. खळ्यात, म्हणजे आमच्या अंगणात, बाबा कदेलीवर, त्यांच्या जुन्या खुर्चीवर, बसून काजूच्या बिया वेगळ्या करत होते. अंगात बनियन, चष्मा नाकाच्या शेंड्यावर, पुढ्यात बोंडांचा ढीग. अगदी धडधाकट.

"गो बाय!" ते उठले. "सांगनासतना आयलंस?"

माझं तोंड सुटलं. "सांगूं खंय? फोन खंय आसा तुझो?"

"जनेलार आसा."

खिडकीत फोन होताच, बॅटरीही होती. वर कोपऱ्यात इवलंसं विमान. मी तो त्यांच्यापुढे धरला आणि हे कोणी केलं म्हणून विचारलं. त्यांनी जरा अभिमानानेच सांगितलं, "हांवेंच. विमान वयर आसताना फोन चालू दवरप बरें न्हय."

मग सगळा उलगडा झाला. बाबा खाणीवर सुरुंगाच्या कामावर मुकादम होते. सुरुंगाच्या तारा विजेच्या. जवळपास कोणी वॉकीटॉकी वापरला तर वेळेआधी बार उडायची भीती. म्हणून भोंगा झाला की सगळ्यांचे वॉकीटॉकी बंद. बार झाल्यावर बाबा स्वतः जाऊन बघून येत आणि "चालू करा" म्हणत. ते म्हणेपर्यंत साहेबानेही बटणाला हात लावायचा नाही. हाच शिस्तीचा माणूस आता विमानांच्या वाटेखाली राहत होता. विमानाचा आवाज आला की बाबा खळ्यात येऊन आरोळी देत, "बंद करा!" काकी, तिचा नवरा, मास्तर आणि मास्तरीणबाई आज्ञाधारकपणे विमानाचं चित्र दाबत. विमान गेलं की आरोळी, "चालू करा!" आणि सगळे दाबून चालू करत. मास्तरांसारख्या शिकल्या-सवरल्या माणसानेही कधी उलट विचारलं नाही. सुरुंगातलं बाबांना कळतं, तर विमानातलंही कळत असणार!

त्या सकाळी पहिल्या विमानाला बाबांनी "बंद" दिलं, आणि तेवढ्यात बागेत कोणाची तरी गुरं शिरली. ती हाकलायला गेले ते तिथेच काजू गोळा करत राहिले, दुपारी येऊन पेज जेवून झोपले, आणि "चालू" द्यायचं साफ विसरले. बाकीची चार माणसं दिवसभर त्यांच्या आरोळीची वाट बघत बसली होती.

मी हसायला हवं होतं. मी भडकले. "बाबा, तें चित्र विमानात बसतल्यांक! सकयल जमनीर रावतल्यांक न्हय!"

"विमानतळ आमच्या माथ्यार बांदलो आनी फोनान विमानाचें चित्र आयलें. तें आमकां न्हय तर कोणाक?"

"कोणाकूय आसूं! तुज्या फोनान विमानाक कांयच जायना. खंयचें विमान, कोण बसलां, तुका कित्याक पडलां?"

बाबा खाली बसले. हातातली बी फिरवत राहिले. मग हळूच म्हणाले, "तूं बसतंस न्हय? केन्ना सांगून येतंस, केन्ना सांगनासतना येतंस. खंयच्या विमानान तूं आसतंस तें माका कशें कळतलें? म्हणून सगळ्यांक बंद करतां."

मी त्यांच्या फोनवरचं ते विमान दाबून मोड बंद केला.

दोन क्षण काही झालं नाही. मग फोन माझ्या हातात किणकिणायला लागला आणि थांबेचना. सकाळपासून अडकलेलं सगळं एकामागून एक येऊन पडत होतं. बाबांनी फोन मागून घेतला, चष्मा वर सारला आणि पहिल्यापासून वाचायला लागले. मी म्हटलं, वाचू नको, मी आलेय ना आता. ते रिपोर्ट अर्धवट सोडणारे नव्हेत. विनवण्या वाचल्या, धमक्या वाचल्या. शेवटी तो बोललेला मेसेज आला, त्यांनी तोही दाबला. विमानतळाच्या कलकलाटात माझा आवाज, मलाच परका वाटावा इतका बारीक :

"बाबा, आई गेली तेन्ना माझो फोन बंद आशिल्लो. आतां तुझो बंद आसा. फोन उखल, बाबा. फकत फोन उखल."

मेसेज संपला. बाबांनी फोन कदेलीवर ठेवला आणि ते आत गेले. मला वाटलं पाणी आणायला गेले असतील. बराच वेळ झाला तेव्हा मी उठणार, तोच ते बाहेर आले. अंगात इस्त्रीचा शर्ट, हातात पिशवी. पिशवीत दोन शर्ट, लुंगी, बीपीच्या गोळ्या आणि उकड्या तांदळाची एक थैली, कारण हैदराबादचा भात त्यांच्या घशाखाली उतरत नसे. त्यांनी घराची चावी माझ्या तळहातावर ठेवली.

"तूं इतलें भियेतंस तें माका खबर नाशिल्लें. चल. हांव येतां तुज्या वांगडा."

दोन वर्षं मी याच वाक्यासाठी भांडत होते. भांडून, रुसून, धमकावून जे मिळालं नाही, ते बाबा एका मेसेजवर देऊन मोकळे झाले होते. घर, बाग, शेजार, सगळं. चेहऱ्यावर नाराजी नाही. उलट मला उशीर होऊ नये म्हणून खळ्यातून वाटेकडे निघालेले. मला माझीच लाज वाटली. माझी भीती घालवायला मी त्यांना सहाव्या मजल्यावर नेऊन ठेवणार होते.

चावी मी परत त्यांच्या खिशात घातली. पिशवी हातातून काढून घेतली. म्हटलं, "तूं हंयच राव, बाबा. हांव येत रावतलें."

"आनी फोन?"

"विमान आयलें की बंद कर. गेलें की चालू कर. विसरू नाका, इतलेंच."

बाबांनी माझ्याकडे नीट बघितलं, मी थट्टा करत नाही ना म्हणून. मग त्यांना एकदम काहीतरी आठवलं. लगबगीने ते वयीपाशी गेले, दोन्ही हात तोंडाशी धरले आणि सकाळपासून राहिलेली आरोळी दिली, "चालू करा!"

वयीपलीकडे काकीच्या घरात फोन वाजू लागले. मास्तरांकडे वाजले. आणि थोड्या वेळाने माझा फोन वाजला. काकीला फोनवर लिहिता येत नाही, ती बोलूनच मेसेज पाठवते. मी बाबांच्या शेजारी उभी होते. मी तो ऐकला.

"गो बाय, तुझो मेसेज आतां आयलो माका. भियेवं नाका. तुझो बापूस बरो आसा गो. हो पळय, खळ्यात उबो रावून बोब मारता."