बिनशिक्क्याची झबली

रुग्णालयाच्या तळघरात कापडखोली आहे आणि त्या खोलीत एकतीस वर्षं एकच माणूस बसतो. त्यांचं खरं नाव पगारपत्रकावर असेल. बाकी सगळे त्यांना घडीकाका म्हणतात. चादर असो, अभ्रा असो की शस्त्रक्रियेच्या खोलीतला हिरवा डगला, काकांच्या हाताखालून गेला की कोपऱ्याला कोपरा जुळलाच पाहिजे. काका नाक पुसतानाही आधी रुमालाची घडी घालतात, अशी त्यांची चेष्टा चालते. ती फारशी खोटी नाही.

घडीच्या खालोखाल काकांची श्रद्धा शिक्क्यावर. प्रत्येक विभागाचा वेगळा शिक्का, आणि शाई अशी की उकळलं, सोड्यात घातलं, उन्हात महिनाभर टांगलं तरी कापड आधी विरेल पण अक्षर हलायचं नाही. नियमही काकांनीच घालून दिलेला: बिनशिक्क्याचं कापड म्हणजे बेवारस. माप बघायचं, विभाग ठरवायचा, शिक्का मारून मोकळं व्हायचं. हा नियम नर्सबायांमुळे करावा लागला. त्या गाठोड्याच्या पिशवीला चिठ्ठी टाचून कपडे धुवायला पाठवत. लॉन्ड्रीत पहिलं काम काय, तर पिशवी रिकामी करणं. कापड हौदात, चिठ्ठी पिशवीवर. "पत्ता टोपीवर लिहिला आणि टोपी घरीच ठेवली, तर माणूस सापडणार कसा?" असं काका त्यांना ऐकवत. वर्षातून दहा वेळा तरी ऐकवत, त्यामुळे खोलीतल्या सगळ्यांना ते तोंडपाठ होतं.

काकांची बायको जाऊन आठ वर्षं झाली. घरात ते, मुलगी आणि जावई. जावई लांबच्या पल्ल्याचा ट्रक चालवतो, तेव्हा तो घरी कमी आणि फोनवर जास्त असतो. दोन वर्षांपूर्वी मुलीला सातव्या महिन्यातच कळा आल्या. घरात बाळाचं एक सूतही आणलेलं नव्हतं. अजून वेळ आहे म्हणून सगळे निवांत. बाळ एक दुपारभर जगलं. त्याला प्रसूती विभागाच्या दुपट्यात गुंडाळलं होतं, आणि त्याच दुपट्यातून ते गेलं. मुलीला त्याचा चेहरा नीट दिसलाच नाही. तिला दिसला तो कापडावरचा काळा शिक्का, आणि तो तिच्या बापाच्या हातचा होता.

त्यामुळे या खेपेला तिने एवढंच सांगितलं.

"बाबा, कपडे घरचे हवेत. तिथलं काही अंगाला लागायला नको. शिक्का तर नकोच."

"नको तर नको," काका म्हणाले आणि कामाला लागले. लेकीने मागितलेली ही एकच गोष्ट होती, आणि ती आपल्या अखत्यारीतली आहे याचं त्यांना मनातून बरं वाटलं.

बाळाच्या कपड्यांच्या दुकानात मात्र त्यांचं आणि दुकानदारीणबाईंचं जमेना. बाईंनी आधी लेस लावलेला फ्रॉक काढला. काका म्हणाले, लेशीत बाळाची बोटं अडकतात. मग बटणांची झबली आली. उकळल्यावर बटणं सुटतात आणि सुटलेलं बटण थेट तोंडात जातं, काका म्हणाले. कमरेला इलॅस्टिक? वळ उठतात. शेवटी बाईंनी गोंडे लावलेले बूट पुढे ठेवले.

"बाळ जन्मलं की लगेच कामावर निघणार आहे का?" काकांनी विचारलं.

"तुमच्यासारखं गिऱ्हाईक रोज आलं ना, तर मी जाईन दुसरीकडे कामाला," बाई म्हणाल्या. पण कपाटातून नुसत्या नाड्यांची, शिवण बाहेरच्या बाजूला असलेली झबली त्यांनी शोधून दिली.

किती घ्यायचं याचा काकांचा हिशेब ठरलेला: एक अंगावर, एक धुण्यात, एक फडताळात. दिवसाला चार बदल धरून एकूण बारा झबली, दोन डझन लंगोट, चार टोपडी, खाली अंथरायचं मेणकापड. दुपटी विकत घेतली नाहीत. बायकोने वापरून वापरून लोण्यासारख्या मऊ केलेल्या दोन चादरी पेटीत होत्या. त्यांची सहा दुपटी काकांनी तिच्याच मशीनवर शिवली. टीप दोनदा उसवली, कारण पहिल्यांदा ती अंगाला लागेल अशी जाड झाली होती.

सगळं एका खोक्यात भरून खोकं काकांच्या खोलीत ठेवलं. मुलगी तिकडे फिरकत नसे. त्या घरात आठ महिन्यांत "घरी आणल्यावर" या शब्दांनी सुरू होणारं वाक्य कुणी बोलत नसे. पाळण्याचा विषय नाही, भिंतीला रंग नाही. एकदा जावई बोलून गेला, की घरी आणल्यावर बाळाला खिडकीपाशी ठेवू, उजेड चांगला आहे; तर मुलगी भरल्या ताटावरून उठली. तेव्हापासून तोही "बघू तेव्हा" म्हणायला शिकला.

फक्त एका संध्याकाळी ती आली, खोक्यातलं वरचं झबलं उचललं, आतून बाहेरून उलटंसुलटं करून पाहिलं आणि परत टाकून गेली. झबल्याची घडी मोडली होती. काकांनी ती तशीच राहू दिली.

डॉक्टरांनी दिलेल्या तारखेला नऊ दिवस होते, तेव्हा काकांच्या डोक्यात उकळण्याचं आलं. नव्या कापडाला खळ असते, ती टोचते. घरच्या नळाला गढूळ पाणी. त्यापेक्षा रुग्णालयाच्या लॉन्ड्रीत एक उकळी दिली की काम चोख. त्यांनी सगळे कपडे पिशवीत भरून सकाळी नेले. एका कागदावर "खासगी, घडीकाका" असं लिहिलं आणि टाचणी घेतली. कपड्यांत वरच झबलं होतं. टाचणी त्यांनी झबल्याजवळ नेली, थांबले. त्या एवढ्याशा कापडाला भोक पाडायला त्यांचा हात होईना. शेवटी त्यांनी चिठ्ठी पिशवीला टाचली. मी स्वतःच तर उभा राहणार आहे हौदापाशी, असं म्हणून लॉन्ड्रीत पिशवी दिली.

दहा मिनिटांत शेजारणीचा फोन आला. कळा सुरू झाल्या होत्या.

मग रिक्षा, कागदपत्रं, जिना, जावयाला फोन. जावई पाचशे किलोमीटरवर होता आणि गाडीत माल होता. मुलीला आत नेलं, दार बंद झालं. दार बंद होताना तिने विचारलं, "कपडे आणलेत ना?" काका म्हणाले, "खालीच आहेत, आत्ता आणतो." गेल्या वेळचं दारही हेच होतं. ते दाराशीच बसून राहिले आणि खाली जाता जाता चार वाजले.

कापडखोलीत अक्का होत्या. वीस वर्षं काकांच्या हाताखाली काम केलेल्या. प्रसूती विभागाच्या फळीवर बारा झबली अगदी काकांच्या पद्धतीने रचलेली होती, शेजारी दुपटी आणि बाकीचं. प्रत्येकावर काळा, ठसठशीत शिक्का. दुपट्यांवर कोपऱ्यात, झबल्यांवर छातीवर. नियमच तसा होता.

"काका, बारीक कापडं आली होती बिनशिक्क्याची," अक्का म्हणाल्या. "बेवारस म्हणून मारून टाकले शिक्के. मऊ आहेत हो. नवीन माल आला का?"

"माझी होती."

अक्कांचा हात शाईच्या डबीवरच राहिला. "मग चिठ्ठी नाही का लावायची?"

"लावली होती," काका म्हणाले. "पिशवीला."

अक्कांनी डबीचं झाकण लावलं. दुसऱ्या कुणाच्या बाबतीत हे झालं असतं, तर टोपीवरचा पत्ता त्यांनी नक्की काढला असता.

काकांनी खणातली कात्री काढली. ती कात्री फक्त दोरे कापायला होती. कापडाला चीर पाडली म्हणून याच खोलीत त्यांनी मोठमोठ्या बायांना रडवलं होतं. एका दुपट्याचा शिक्का त्यांनी गोल कापून काढला. बायकोच्या चादरीचा तो तुकडा त्यांनी खिशात घातला. मग एक झबलं घेतलं. छातीवरचा शिक्का कापल्यावर झबल्यात मूठ जाईल एवढी खिडकी झाली. काका त्या खिडकीकडे बघत बसले. हे काही चालायचं नाही, हे त्यांना कळत होतं, तरी त्यांनी दुसरं झबलं ओढलं.

तेवढ्यात वरून फोन आला. नर्स म्हणाली, "काका, मुलगी झाली. रडतेय नुसती. कपडे घेऊन या लवकर."

काका हातात ते एकच कापलेलं दुपटं घेऊन वर गेले. लेक पलंगावर घामाने भिजलेली होती आणि तिच्या कुशीत टॉवेलमध्ये एक लालबुंद प्राणी तळघरापर्यंत ऐकू जाईल असा ओरडत होता. काकांनी दुपटं पुढे केलं. लेकीने ते हातात घेतलं, कोपरा चाचपला. तिचं बोट भोकातून आरपार गेलं.

"इथे काय होतं?"

काकांना खोटं बोलायचं होतं, पण काही सुचलं नाही. त्यांनी खिशातला गोल तुकडा काढून तिच्या उशीवर ठेवला. "चुकून सगळ्यांवर बसलाय. माझीच चूक. पिशवीला चिठ्ठी लावली."

ती तुकड्याकडे बघत राहिली. काकांनी मान खाली घातली. बाळ रडतच होतं, आणि त्या आवाजापुढे खोलीत दुसरं काही ठरवता येत नव्हतं.

"बाकीचेही कापलेत?" तिने विचारलं.

"एक झबलं. अकरा आहेत अजून."

"कापू नका ते. भोकाभोकांचे कपडे घालू का हिला?" तिने दुपट्याची भोकाची बाजू खाली करून बाळाला त्यात घेतलं, आणि पायाशी कापड खोचता खोचता, वर न बघता म्हणाली, "घरी आणल्यावर धुऊन बघू. जातो का तो डाग."

काकांनी उशीवरचा तुकडा उचलला आणि त्याची घडी घातली.

"जाईल," ते म्हणाले. "दोन धुण्यांत जाईल."

एकतीस वर्षांत ती शाई एकदाही गेली नव्हती.