आधी अमेरिका, मग मावशी

माझी थोरली बहीण फेब्रुवारीत न्हाणीघरात पडली आणि मे महिन्यात आम्ही अमेरिकेत फिरायला गेलो. या दोन गोष्टी शेजारी शेजारी लिहायला लाज वाटते. पण झालं ते असंच, म्हणून तसंच लिहिते.

नवरा गेल्यावर मुलानं मला इथे नेदरलँड्समध्ये न्यूनेनला आणलं, त्याला पंधरा वर्षं होऊन गेली. तो आइंडहोव्हनला मशिनं बनवणाऱ्या कंपनीत आहे. सून घरात बसून कॉम्प्युटरवर नोकरी करते. आक्का, म्हणजे थोरली बहीण, मिरजेजवळ आमच्या गावीच राहिली. तिचं खुब्याचं हाड मोडलं. वय चौऱ्याऐंशी. डॉक्टर म्हणाले, या वयात ऑपरेशन नको, घरीच ठेवा. याचा अर्थ मला सांगायला कोणाची गरज नव्हती.

तिच्या मुलीनं तिला फोनवर दाखवलं. खाटेवर पडल्या पडल्या आक्का पहिलं वाक्य बोलली ते, "पोरगं कधी येणार?"

पोरगं म्हणजे माझा मुलगा. तो चार वर्षांचा असताना माझ्या नवऱ्याला क्षय झाला. मी त्याच्याबरोबर दवाखान्यात आणि मूल आक्काकडे. सहा महिने म्हणून ठेवलेलं मूल तीन वर्षं तिथे राहिलं. आक्काच्या स्वतःच्या तीन पोरी. घरात एक अंडं असलं तर ते माझ्या मुलाला, पोरींना नुसता रस्सा. तिला स्वतःला वीसच्या पुढे पाढे येत नव्हते, पण शेजारच्या मास्तरांच्या दारात बसवून तिनं त्याचे तिसापर्यंत पाठ करून घेतले. मी त्याला परत न्यायला गेले तेव्हा तो तिच्या मागे लपला आणि मला मावशी म्हणाला. आक्कानंच त्याच्या पाठीत धपाटा घातला. "ही तुझी आई हाय मेल्या, मावशी मी." तो धपाटा मला बरा वाटला होता, हेही खरं.

तर फोन ठेवल्यावर मी मुलाला म्हटलं, "चल, आक्काला बघून येऊ."

"आई, मे महिन्याची अमेरिकेची तिकिटं झालीयेत. रजा तेवढीच आहे. डिसेंबरला जाऊ, नक्की."

"डिसेंबरपर्यंत ती राहील का?"

"असं काय बोलतेस? मावशी टणक आहे."

मी तेव्हाच हटून बसायला हवं होतं. नाही बसले. अमेरिका मलाही बघायची होती. चौथी शिकलेली बाई मी, इथल्या मराठी बायकांच्या हळदीकुंकवात दहा जणींना सांगून बसले होते. त्यामुळे सगळा दोष मुलाच्या गळ्यात घालून मोकळी होणार नाही.

अमेरिकेतल्या बाकीच्या गोष्टी सांगण्यासारख्या नाहीत. मोठे रस्ते, मोठी ताटं. एका दिवशी आम्ही वाळवंटात गेलो. तिथे लाल खडकात पाण्यानं कापलेली एक अरुंद घळ आहे. ती जमीन तिथल्या मूळच्या नवाहो लोकांची, त्यामुळे त्यांच्याच माणसाबरोबर जावं लागतं, एकट्यानं नाही. दीड तासाचा कार्यक्रम. आधी सगळ्यांच्या पिशव्या ठेवून घेतल्या. माझी औषधांची पिशवीसुद्धा गेली, फक्त पाण्याची बाटली हातात राहिली.

आमची वाटाडी पन्नाशीची बाई होती. जाडजूड, गळ्यात निळ्या खड्यांची माळ. मोठ्या टायरच्या ट्रकमध्ये मागे बाकांवर सगळ्यांना बसवलं आणि सुरू करण्याआधी तिनं आपली ओळख सांगितली. नाव नंतर. आधी आईचं कूळ, मग बापाचं. आईचं आधी, हे मला आवडलं. सून मला सगळं मराठीत सांगत होती. मुलगा फोनमध्ये फोटोची काहीतरी तयारी करत होता.

वाळूतून ट्रक असा उडत होता की माझी कवळी हातात घ्यावी लागते की काय असं वाटलं. समोरच्या बाकावर पुण्याचं एक जोडपं निघालं. बाईनं लगेच ओळखलं. "काकू, तुम्ही कुठल्या?" मी म्हटलं, "आता नेदरलँड्सची." तिचा चेहरा पडला, कारण तिला गावाचं नाव हवं होतं.

घळ सुंदर आहे. खोटं का सांगू? खडकाला कोणी ओल्या मातीसारखं हातानं वळवलं आहे असं वाटतं, आणि वरून उजेड येतो तो कधी केशरी, कधी जांभळा. पण शांतपणे बघायला मिळत नाही. मागून दुसरा घोळका येत असतो, पुढे तिसरा अडकलेला असतो. वाटाडी बोट दाखवून सांगते, हे अस्वल, हे बदाम, हा गरुड. आमच्या मुलाचा फोन तिनं मागून घेतला आणि आम्हाला एका कोपऱ्यात उभं करून फोटो काढला. तो फोटो आता आमच्या बैठकीत लावला आहे. त्यात मी हसते आहे.

परतताना वाळूत माझे गुडघे बसले. वाटाडीनं माझ्या दंडाला धरलं आणि हळूहळू चालवलं. दुसऱ्या बाजूला सून. गप्प चालण्यापेक्षा मी सुनेला म्हटलं, "विचार हिला, आई आहे का हिची?"

सुनेनं विचारलं. बाई म्हणाली, आई गेली, पण धाकटी आई आहे.

"सावत्र?" मी म्हटलं.

सुनेनं विचारून सांगितलं, "नाही आई. त्यांच्यात आईच्या बहिणीलाच धाकटी आई म्हणतात."

"अगं, मग मावशी म्हण की."

वाटाडी पुढे बोलत राहिली. धाकटी आई आजारी आहे. उद्यापासून ती कामावर येणार नाही. तीन तास गाडी चालवून तिच्याकडे जाणार. सगळी पोरं, पुतणे, भाचे जमतात. आजाऱ्यासाठी त्यांच्यात मोठी पूजा असते, रात्रीच्या रात्री चालते, आणि माणसं नसली तर तिला अर्थ नसतो.

"आणि कामाचं?" मी विचारायला लावलं.

बाईनं खांदे उडवले. ट्रक चालवणाऱ्या पुष्कळ आहेत म्हणाली.

सुनेनं हे शब्दन् शब्द सांगितलं. तिला गाळता आलं असतं. मुलगा दोन पावलं मागे होता, त्याला इंग्रजीतही ऐकू गेलं होतं आणि मराठीतही. सुनेनं ते मोठ्यानं सांगितलं, हे मी विसरणार नाही.

ट्रकमध्ये बसल्यावर मी मुलाला म्हटलं, "ऐकलंस?"

"आई, इथे नको."

"इथे मराठी कोणाला कळतंय?"

समोरची पुण्याची बाई घाईघाईनं म्हणाली, "आम्ही काही ऐकलं नाही हं, काकू." तिच्या नवऱ्यानं डोळे मिटून घेतले, झोप आल्यासारखे.

"ऐका खुशाल," मी म्हटलं. "मावशीनं वाढवलेला आहे हा. ती मरायला टेकली आहे आणि हा मला बदामाच्या आकाराचा दगड दाखवतोय."

मुलगा लाल झाला. "तुला पण यायचं होतं ना? का मी बांधून आणलं?"

 ट्रक सुटला आणि वाळू तोंडात जायला लागली, तेव्हा सगळ्यांनीच तोंडं मिटली. उतरताना वाटाडीनं मला हात दिला. मी तिला मराठीतच म्हटलं, जा बाई लवकर. तिनं मान हलवली. तिला काय कळलं ते तिचं तिला ठाऊक.

न्यूनेनला परतल्यावर चौथ्या दिवशी मी जेवणं बंद केली. उपास नाही, सरळ अडवणूक. मुलगा म्हणाला, "एकटी कशी जाशील? तुला विमानतळावरचं काही वाचता येत नाही."

"पाट्या मराठीत असत्या तरी चष्मा लागलाच असता. तू तिकीट काढ."

"मी डिसेंबरला..."

"डिसेंबर तुझ्याकडेच ठेव."

सुनेनं तिकीट काढलं आणि चाकाची खुर्चीही सांगून ठेवली. मुलानं मला आम्सटरडॅमच्या विमानतळावर सोडलं. मावशीसाठी चॉकलेटं दिली. दात नसलेल्या बाईला चॉकलेटं.

मी पोचले तेव्हा आक्का मूठभर झाली होती. पण शुद्धीवर होती, ओळखलं तिनं. माझ्या मागे दाराकडे बघत राहिली.

"पोरगं गाडी लावतंय का?"

तिच्या मुलीनं मला डोळ्यानं खुणावलं, म्हणजे हो म्हण. मी आयुष्यात तिच्याशी खोटं बोलले नव्हते, आणि आता सुरुवात करून काय मिळणार होतं?

"आला नाही," मी म्हटलं. "त्याची रजा संपली."

"कुठं गेलता?"

"अमेरिकेला. डोंगर बघायला."

आक्कानं दारावरची नजर काढून माझ्याकडे बघितलं. मग म्हणाली, "चांगलं हाय का तिकडं?"

"चांगलं आहे."

"मग झालं," ती म्हणाली आणि भिंतीकडे वळवायला सांगितलं. आम्ही दोघींनी तिला वळवलं. त्यानंतर तिनं पोरग्याचं नाव काढलं नाही. मी तिच्याजवळ नऊ दिवस होते. तिला भरवलं, पुसलं, कूस बदलली. बोलणं फारसं झालं नाही. दहाव्या दिवशी सकाळी पेज पाजताना तिनं घोट गिळला नाही.

मुलाला फोन केला. तो रडला. मोठा माणूस, मीटिंग सोडून बाहेर येऊन रडला, मागे गाड्यांचे आवाज येत होते. म्हणाला, "आई, मी येतो. आजचं विमान बघतो."

"आता कोणासाठी येतोस?" मी म्हटलं. "नको येऊस."

दिवसांचं सगळं तिच्या मुलींनी केलं. तेराव्यापर्यंत मी रोज दुपारी दारात रस्त्याकडे तोंड करून खुर्ची टाकून बसत होते, गुडघ्यांना ऊन बरं म्हणून, असं विचारणाऱ्यांना सांगत होते. येऊ नको म्हणून मीच सांगितलं होतं, आणि तो खरंच आला नाही.