वाढलेलं पेट्रोल

आमच्या आप्पांच्या दुकानात कुठलीही वस्तू कधी संपली नाही. गूळ संपला नाही, घासलेट संपलं नाही, विड्या संपल्या नाहीत. डबा खडखडीत रिकामा असला तरी नाही. ती वस्तू ‘वाढायची’. बाईची बांगडी फुटली की आपण फुटली म्हणत नाही, वाढली म्हणतो. करंड्यातलं कुंकू सरलं की वाढलं म्हणतो. अशुभ तोंडातून काढायचं नाही म्हणून उलटं बोलायचं, एवढंच. पण बाकीचे लोक हे कुंकवापुरतं आणि बांगडीपुरतं पाळायचे. आप्पांनी ते तुरीच्या डाळीपासून बैलाच्या वेसणीपर्यंत सगळ्याला लावलं होतं. “आप्पा, साखर हाय का?” “वाढली की गं. परवा ये.” गिऱ्हाईक मुकाट्यानं परत जायचं. गावात कुणाला त्याचं काही वाटत नसे.

आप्पा म्हणजे माझे सासरे. दुकान निपाणीच्या अलीकडे, पुण्याहून बंगळूरला जाणाऱ्या सडकेला अगदी लागून. पुढं दुकान, मागं घर, मध्ये एक दार. सासूबाई माझ्या लग्नाआधीच गेलेल्या, त्यामुळे दाराच्या आतलं राज्य पहिल्या दिवसापासून माझं. बाहेर आप्पांची गादी. पांढऱ्या खोळीची, मागं लोड, समोर तराजू. तिच्यावर आप्पांशिवाय कुणी बसत नसे. आमचे हेसुद्धा शेजारी पोत्यावर बसायचे.

माझं माहेर अनगोळ. वडील शाळामास्तर. आमच्या घरी संपलं ते संपलं. लग्न होऊन आले त्याच आठवड्यात मी मधल्या दारात उभी राहिले आणि गिऱ्हाइकांच्या देखत ठणकावून सांगितलं, “आप्पा, आतली डाळ संपली.” आप्पांनी डोळे घट्ट मिटून घेतले, जणू मी त्यांच्या पायावर वरवंटा टाकला होता. नंतर ह्यांनी मला चुलीपाशी येऊन समजावलं.

“गादीम्होरं असलं बोलायचं न्हाई गं. लक्ष्मी ऐकतीया.”

“लक्ष्मीला काय रिकामा डबा दिसत न्हाई व्हय?”

हे हसले, पण तो शब्द काही त्यांच्याही तोंडून कधी निघाला नाही. लेक बापाचाच होता. मी मात्र हट्टाला पेटले. आतल्या आत, भांड्यांशी, मांजराशी बोलताना मी मुद्दाम ‘संपलं, संपलं’ म्हणून घ्यायची. जीव गार व्हायचा.

आप्पांचं सगळं आयुष्य सडकेकडे बघण्यात गेलं होतं. पूर्वी मोटारी यायच्या त्या धुरळा उडवून सरळ निघून जायच्या. आप्पा फडक्यानं तराजू पुसायचे आणि गेलेल्या मोटारीकडे बघत राहायचे. एखादी थांबलीच तर पेट्रोलचा डबा मागायची. असे दोन-चार सीलबंद डबे आप्पा घासलेटाच्या शेजारी ठेवून द्यायचे. मग खडेबाजारातले एक एजंट आले. बेळगावात त्यांचा पेट्रोलचा डेपो होता. घरी कानडी बोलायचे, पण मराठी चांगलं यायचं. त्यांनी दुकानासमोर खड्डा खणून टाकी पुरली आणि तिच्यावर लाल पंप उभा केला.

तो पंप माणसाहून उंच होता. डोक्यावर काचेचं भांडं. बाजूचा दांडा मागं-पुढं हलवला की पेट्रोल खालून चढत चढत काचेत दिसायचं, आणि भांडं भरलं की ते नळीतून मोटारीत सोडायचं. आसपासच्या बाया शेतात भांगलणीला जाताना वाट वाकडी करून तो बघायला यायच्या. एकीनं तर मला विचारलं, “ह्येच्यानं ढेकूण मरत्यात का?” मी म्हटलं, “ढेकूण मरतील, पर बाज बी जळंल.” ती बाई घासलेटाची बाटली घेऊन गेली.

पंप आल्यापासून सडक आमच्या दारात थांबायला लागली. मोटार थांबली की ड्रायव्हर विड्या घेणार, सोबतची माणसं चिरमुरे-फुटाणे घेणार, बाया पाणी मागणार. मी भाजलेल्या शेंगा आणि गुळाचे लाडू करून बरण्या भरून द्यायला लागले, त्या संध्याकाळपर्यंत रिकाम्या व्हायच्या. ‘वाढायच्या’ म्हणा. आप्पा प्रत्येकाला विचारायचे, कुठून आलात, पाऊस कसा आहे तिकडं, तंबाखूला काय भाव. पुण्याची आणि हुबळीची खबर त्यांना गावच्या पाटलाच्या आधी कळायची. म्हातारपणी माणसाला एवढं सुखी झालेलं मी दुसरं कुणी पाहिलं नाही. सकाळी उठले की देवाच्या आधी ते पंपाची काच पुसायचे.

एजंटांनी पंप बसवताना एक गोष्ट सरळ सांगितली होती. “आप्पा, पंप माझा. तो चालला पायजे. चालला न्हाई तर उचलून निपाणीच्या बाजारात नेणार. तिथं एक व्यापारी वाट बघत बसलाय.” आप्पांनी मान हलवली होती. त्यानंतर कितीतरी दिवस ते झोपेतून उठून पंप जागेवर आहे का बघून यायचे, असं हे सांगायचे.

एजंटांची लॉरी आपल्या वेळेला यायची, पिंपं आणायची, टाकी भरून जायची. निरोप धाडायची वेळ कधी आली नव्हती. पण त्या वर्षी लग्नसराई दणक्यात झाली. वऱ्हाडाच्या मोटारी एकामागून एक येत होत्या आणि लॉरीचा दिवस लांब होता. ह्यांनी टाकीत काठी घालून बघितली. काठीचं टोकही धड ओलं झालं नाही.

बेळगावला उतारू नेणाऱ्या सर्व्हिस मोटारीचा ड्रायव्हर संकेश्वरकडचा, कानडी माणूस. रोज आमच्याकडे थांबायचा. आप्पांनी गादीवरूनच त्याला सांगितलं, “एजंटास्नी म्हणावं, पेट्रोल वाढलंय.”

ड्रायव्हर इमानी होता. त्यानं खडेबाजारात जाऊन निरोप जसाच्या तसा कानडीत पोचवला, “पेट्रोल जास्ती आगेद.” म्हणजे पेट्रोल जास्त झालंय. एजंट म्हणाले असतील, झालं तर झालं, विका म्हणावं. लॉरी काही आली नाही.

इकडे मोटारी यायच्या, थांबायच्या आणि परत जायच्या. आप्पा प्रत्येकाला म्हणायचे, “उद्या या.” बंगळूरला निघालेल्या माणसाला उद्या या म्हणणं म्हणजे काय, हे त्यांचं त्यांनाच कळत होतं. त्यांचं जेवण कमी झालं. त्यांनी ड्रायव्हरला पुन्हा थांबवलं आणि आवाज चढवून सांगितलं, “नीट सांग रं बाबा. लई वाढलंय म्हणावं. साफ वाढलंय!” ड्रायव्हरनं तेही इमानानं पोचवलं. पेट्रोल फारच जास्ती झालंय.

मी ह्यांना म्हटलं, तुम्ही स्वतः जाऊन या. उद्या जातो म्हणाले. पण दुसऱ्या दिवशी दुपारच्या आधीच लांबून लॉरीचा आवाज आला.

आप्पा गादीवरून उठून पळत बाहेर गेले. मला नारळ मागितला, मी दिला, त्यांनी तो पंपाच्या पायाशी वाढवला आणि पाणी शिंपडलं. लॉरी थांबली. तिच्या मागून एजंटांची मोटार आली. एजंट उतरले ते कपाळाला आठ्या घालूनच. लॉरीवरच्या माणसांनी पिंपं खाली ढकलली, ती ढणढण वाजली. रिकामी होती.

“शेट, भरायचं सोडून ह्ये काय?” आप्पांनी विचारलं.

“काढून न्यायला आलोय. वाढलंय म्हणून तुम्हीच निरोपावर निरोप धाडला की ओ.”

“व्हय, धाडला. वाढलंय म्हणूनच धाडला.”

“मग काढतो की!”

“काय काढता? वाढलंय म्हणतोय मी!”

“आप्पा, लग्नसराईत पेट्रोल खपत न्हाई म्हंजे हा पंप हितं बसवला हीच माझी चूक. आज पेट्रोल नेतो, उद्या पंप उपटून नेतो. निपाणीत त्याचं सोनं होतंय.”

आप्पांच्या हातात नारळाची अर्धी भकल तशीच राहिली. त्यांचे ओठ हलत होते. त्यांना तो एकच शब्द बोलायचा होता आणि तो त्यांच्या घशातून वर येईना. साठी उलटलेल्या माणसानं जन्मभर जो शब्द गादीवर येऊ दिला नाही, तो पंपाच्या पायाशी, ओल्या नारळासमोर कसा काढायचा? त्यांनी ह्यांच्याकडे बघितलं. ह्यांनी जमिनीकडे बघितलं. मला दोघांचा राग आला आणि आप्पांची इतकी कीव आली की डोळ्यांत पाणी आलं.

मी उंबरठ्याच्या आत होते. सासऱ्यांसमोर परक्या पुरुषाशी बोलायची आमच्यात रीत नव्हती. पदर डोक्यावर घेतला आणि बाहेर आले.

“शेट, पेट्रोल संपलंय. टाकी कोरडी हाय. आमच्यात संपल्याला वाढलं म्हंत्यात. आज किती दीस झालं, मोटारी परत जात्यात.”

आप्पांनी दोन्ही हातांनी कान झाकले. नारळाची भकल खाली पडली.

 एजंटांनी स्वतः काठी घेतली, टाकीत घातली, वर काढली, बोटानं चाचपली. कोरडी. मग ते माझ्याकडे वळले. “कुंकवासारखं पेट्रोल बी वाढतंय व्हय ओ?” आणि ते हसायला लागले ते पंपाला हात टेकून हसायला लागले. म्हणाले, “आमच्या घरात आई दिवा मोठा कर म्हणती. म्हंजे विझव. आमच्या कानडीत बी ह्येच. पण डेपोत असं बोलून कसं चालंल?”

हसून झाल्यावर त्यांच्या ध्यानात आलं की त्यांची मोटारही इथं येण्यापुरतीच भरलेली होती. परत जाताना वाढलेल्या पेट्रोलातून भरून घेऊ, असा त्यांचा हिशेब. लॉरीत परतीपुरतं होतं. ती पिंपं भरून आणायला बेळगावला गेली, आणि एजंट दुपारभर आमच्या दुकानात अडकून पडले. मी त्यांना झुणका-भाकरी वाढली. भाकरीवर लोण्याचा गोळा ठेवला, तो बघून त्यांच्या कपाळाच्या उरल्यासुरल्या आठ्याही गेल्या.

ते पोत्यावर ह्यांच्या शेजारी बसून सडक बघत होते. मोटार यायची, ड्रायव्हर पंपाकडे बघायचा, आप्पा पडलेल्या आवाजात म्हणायचे, “सांजच्याला येतंय.” एक वऱ्हाडाची गाडी आली, त्यातल्या नवऱ्या मुलाच्या मुंडावळ्या उन्हानं सुकल्या होत्या. आप्पांनी त्या सगळ्यांना पाणी दिलं, माझ्याकडून लाडू मागून घेतले, आणि झाडाखाली सावलीत बसवलं. ती माणसं रागावली नाहीत, थांबली. अशा गाड्या एकेक करत झाडाखाली जमा होत गेल्या. एजंट सगळं बघत होते.

ऊन उतरल्यावर लॉरी आली. टाकी भरली, दांडा हलला, काचेत पेट्रोल चढलं. थांबलेल्या गाड्या एकामागून एक भरून निघाल्या. वऱ्हाड तर गात गेलं. शेवटी एजंटांची मोटार भरली. मोटारीत बसायच्या आधी ते गादीसमोर येऊन उभे राहिले.

“आप्पा, पंप हितंच ऱ्हाऊ दे. निपाणीच्या बाजारात गाड्यास्नी असं कोण थांबवून घेणार? पर माझी एक अट हाय. निरोप सरळ यायला पायजे. ह्या घरात संपलं म्हणणारं एक तरी माणूस पायजे.”

 आप्पांनी एकदा पंपाकडे बघितलं, एकदा देवाच्या तसबिरीकडे. मला वाटलं, आता ते नको म्हणतात आणि पंप जातो.  मी बोलले होते खरी, पण गादीसमोर ते बोलणं त्यांना किती लागलं असेल, हे मला तेव्हा नीट कळलं.

मग ते गादीवर जरासे सरकले. लोड बाजूला केला. रिकाम्या झालेल्या जागेवरची खोळ हातानं साफ केली.

“पोरी, हिकडं ये.”

मी गेले.

“बस हितं.”

मी ह्यांच्याकडे बघितलं. ह्यांचं तोंड उघडंच होतं.

“बस म्हणतोय न्हवं. माझ्यानं त्ये बोलवत न्हाई, आन् बोलवणार बी न्हाई. उभ्या उभ्या बोललीस तर त्ये घराला लागतंय. गादीवर बसून बोललीस तर त्यो धंदा झाला.”

मी बसले. सासऱ्यांच्या शेजारी, सडकेकडे तोंड करून. मला रडू येत होतं, पण मी ते दाबलं, कारण समोर एजंट उभे होते.

पुढं आप्पा असेपर्यंत असंच चाललं. टाकीत काठी कोरडी निघाली की सर्व्हिस मोटार थांबायची, मी आतून येऊन गादीवर बसायची आणि ड्रायव्हरला सांगायची, “पेट्रोल संपलंय म्हणावं.” तेवढ्यापुरते आप्पा उठून बाहेर जायचे, चप्पल शोधतोय असं काहीतरी दाखवायचे. पहिल्या खेपेला मला वाटलं होतं, निरोप झाला की ते येऊन मला ऊठ म्हणतील. मी उठायच्या तयारीनंच बसले होते. ते आले, गादीच्या पलीकडच्या कडेला टेकले आणि समोर आलेल्या गिऱ्हाइकासाठी तराजू माझ्या बाजूला सरकवून म्हणाले, “ह्यास्नी जरा गूळ जोखून दे.”